कै. वसंतराव नाईक : शेतकऱ्यांचा मुख्यमंत्री

यवतमाळ जिल्ह्याच्या पुसद तालुक्यात गहुली नावाचे एक लहानसे गाव आहे. बंजारा समाजाच्या या गावी फुलसिंग नाईक यांच्या पोटी १ जुलै १९१३ रोजी वसंतरावांचा जन्म झाला. गावात शाळा नव्हती. आसपासच्या गावी पायपीट करून त्यांनी प्राथमिक शिक्षण पुरे केले व पुढे नागपूर गाठले. मॉरिस कॉलेजातून पदवी घेऊन १९४० साली ते वकील झाले. काही काळ अमरावतीस डॉ. पंजाबराव देशमुख यांच्या हाताखाली काम करून त्यांनी पुसदला वकिली सुरू केली. १९४१ साली वत्सलाबाई घाटे यांच्याशी त्यांचा आंतरजातीय विवाह झाला. दोन्हीकडील समाजाचा रोष पत्करून उभयतांनी तो संसार निष्ठेने केला.

१९४६ साली ते पुसदचे नगराध्यक्ष झाले. १९५२ साली तेव्हाच्या मध्य प्रदेश विधानसभेवर निवडून येऊन उपमंत्री झाले. द्वैभाषिक मुंबई राज्यात सहकार व शेती ही खाती, तर महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर महसूल खाते त्यांच्याकडे आले. याच काळात त्यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशींवरून १ मे १९६२ पासून राज्यात जिल्हा परिषदा व पंचायत समित्या सुरू झाल्या. गावची शाळा, दवाखाना, रस्ता यांचा कारभार लोकांनी निवडलेल्या माणसांच्या हाती आला तो तेव्हापासून.

मारोतराव कन्नमवार यांच्या निधनानंतर ५ डिसेंबर १९६३ रोजी वसंतराव मुख्यमंत्री झाले. राज्यात धान्याची टंचाई होती. दोन वर्षांत महाराष्ट्र अन्नधान्यात स्वयंपूर्ण झाला नाही तर आपण फाशी जाऊ, असे त्यांनी १९६५ साली पुण्यात शनिवारवाड्यासमोर जाहीर केले. संकरित ज्वारीचे बियाणे, खते, विहिरी यांचा प्रसार त्यांनी शेताच्या बांधावर जाऊन केला. राहुरी, अकोला, परभणी व दापोली येथील कृषी विद्यापीठे त्यांच्याच कारकीर्दीत उभी राहिली.

परंतु निसर्गापुढे कोणाचे चालते? पावसाने ओढ दिली आणि १९७२ साली भीषण दुष्काळ पडला. विहिरी आटल्या, गुरे चाऱ्यावाचून तडफडली, परदेशातून आलेल्या मिलोवर दिवस काढावे लागले. स्वयंपूर्णतेचा संकल्प अपुरा राहिला. टंचाई व महागाई यांवरून सरकारवर कडक टीकाही झाली. वसंतराव डगमगले नाहीत. फुकट धान्य वाटण्याऐवजी मागेल त्याला काम देण्याचा मार्ग त्यांनी धरला. पाझर तलाव, नालाबांध, रस्ते, खडी फोडणे अशी कामे गावोगाव निघाली. १९७३ च्या मे महिन्यात सुमारे ५० लाख माणसे या कामांवर होती. लहान मुलांच्या पोटात सुकडी पडली. लाखो कुटुंबे तगली, आणि घाम गाळून जगलो हा अभिमानही शाबूत राहिला.

वि. स. पागे यांच्या कल्पनेतून निघालेल्या रोजगार हमी योजनेला या दुष्काळाने बळ दिले. १९७७ साली तिचा कायदा संमत झाला, आणि २००५ साली देशभरासाठी झालेल्या रोजगार हमी कायद्यालाही महाराष्ट्राचा हाच अनुभव वाट दाखवणारा ठरला.

अकरा वर्षांहून अधिक काळ राज्याची धुरा वाहून फेब्रुवारी १९७५ मध्ये वसंतराव पायउतार झाले. १९७७ साली ते वाशीममधून लोकसभेवर निवडून गेले. १८ ऑगस्ट १९७९ रोजी सिंगापूर येथे त्यांचे निधन झाले. त्यांचा जन्मदिवस महाराष्ट्रात कृषिदिन म्हणून पाळला जातो व परभणीचे कृषी विद्यापीठ त्यांचे नाव धारण करते.

दुष्काळात अनेक हातांनी टोपलीटोपलीने माती टाकून बांधलेल्या कित्येक तलावांत पुढे पावसाळ्यामागून पावसाळे पाणी साठत राहिले. चार माणसांनी एकत्र येऊन उभारलेले काम गावाला पिढ्यान्‌पिढ्या पुरते, हेच या कर्त्या पुरुषाचे जीवन सांगते. त्यांच्या पवित्र स्मृतीस विनम्र अभिवादन!