नाना फडणीस : फडावरून कारभारापर्यंत

पेशवाईतील साडेतीन शहाण्यांची आख्यायिका आपल्या घराघरांत ठाऊक आहे. सखारामबापू बोकील, देवाजीपंत चोरघडे व विठ्ठल सुंदर हे तीन पुरे शहाणे, आणि नाना फडणीस हे अर्धे; कारण नाना मुत्सद्दी खरे, परंतु तलवारबहाद्दर नव्हेत. आम्ही शाळेत इतिहास शिकवीत असता मुले हटकून विचारीत, की ज्यांनी सुमारे पाव शतक राज्य सावरले ते अर्धे कसे? या प्रश्नाचे उत्तर नानांच्या पेशात आहे, असे आम्हांस वाटते. नाना मूळचे हिशेबनीस. त्यांचे बळ व त्यांचे उणेपण ही दोन्ही त्या एका गोष्टीतून उगवली.

भानूंचे घराणे कोकणातील वेळासचे. नानांचे आजोबा बाळाजी महादेव हे बाळाजी विश्वनाथ पेशव्यांचे सोबती. १७१९ साली दिल्लीच्या दंगलीत ते मारले गेले. फडणिशी पुढे घराण्यात चालली. नानांचा, म्हणजे बाळाजी जनार्दनांचा, जन्म १२ फेब्रुवारी १७४२ रोजी साताऱ्यास झाला. १७५६ मध्ये वडील जनार्दनपंत वारले आणि अवघ्या चौदाव्या वर्षी फडणिशीची वस्त्रे या मुलाच्या अंगावर आली.

फडणिशी म्हणजे काय, हे आजच्या तरुण वाचकांस सांगितले पाहिजे. दरबारचा फड, म्हणजे सरकारी कचेरी, तिचा हा प्रमुख लेखक. रोजकीर्द लिहावी, परगण्यांचा वसूल व खर्च यांचे आधी अंदाज बांधावेत, मागाहून आलेले हिशेब ताडून पाहावेत, सरंजामदाराने नेमल्याप्रमाणे फौज ठेवली की नाही हे तपासावे, सनदांची नोंद ठेवावी, असे हे काम. यात पराक्रमाची वाहवा नाही. चूक झाली तर बोल मात्र निश्चित. परंतु ज्याच्या हाती ही कीर्द असे, त्याला राज्याची खरी प्रकृती कळे. सरदार किती मोठ्याने बोलतो यापेक्षा त्याच्याकडे बाकी किती, हे नानांस आधी ठाऊक असे.

१७६१ मध्ये सदाशिवरावभाऊंबरोबर ते पानिपतावर होते. मातोश्री व पत्नी तीर्थयात्रेच्या हेतूने लष्करासोबत निघाल्या होत्या. त्या संहारातून नाना वेष पालटून, पायी चालत कसेबसे निसटले, पत्नीही वाचली, मातोश्री मात्र कायमच्या अंतरल्या. हे सारे त्यांनी स्वतःच्या आत्मवृत्तात लिहून ठेवले असून त्यात स्वतःची भीतीही झाकलेली नाही. हिशेब खरा लिहिण्याची सवय येथेही दिसते.

थोरल्या माधवरावांच्या कडक नजरेखाली फडावरील नाना परिपक्व झाले. १७७२ मध्ये माधवराव वारले आणि ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून झाला. त्या क्षणी हिशेबनीसाला कारभारी व्हावे लागले. सखारामबापू, हरिपंत फडके आदी बारभाईंनी गर्भवती गंगाबाईस पुरंदरावर सुरक्षित ठेवले. १८ एप्रिल १७७४ रोजी सवाई माधवरावांचा जन्म झाला व त्या तान्ह्या बालकाच्या नावाने राज्य चालू लागले.

राघोबादादांनी १७७५ साली सुरतेस इंग्रजांशी तह केला आणि सात वर्षे युद्ध चालले. १७७९ च्या जानेवारीत वडगावास इंग्रजी फौजेला शरण यावे लागले. पुढे नानांनी हैदर, निजाम व नागपूरकर भोसले यांची एकजूट जुळविली. १७८२ च्या सालबाईच्या तहाने युद्ध मिटले. साष्टी इंग्रजांकडेच राहिली, हे खरे. परंतु ज्या राघोबादादांपायी एवढा रक्तपात झाला, त्यांस दरमहा २५,००० रुपयांची नेमणूक ठरली. गादीचा दावेदार खर्चाच्या वहीतील एक बाब होऊन बसला!

आता दुसरी बाजू. थोर पुरुष आपल्या ज्ञातीत जन्मले म्हणून अभिमान मिरवावयाचा, तर त्यांचे दोषही आपल्याच नावे मांडले पाहिजेत. १७७८ मध्ये चुलतबंधू मोरोबादादांचे कारस्थान मोडून नानांनी त्यांस कैदेत टाकले. पुढील वर्षी जुने सहकारी सखारामबापूही कैदेत पडले व तेथेच वारले. पुण्याच्या घाशीराम कोतवालावर त्यांनी ठेवलेला विश्वास १७९१ च्या भयंकर प्रकरणाने खोटा ठरला. सर्वांत मोठी चूक आमच्या मते निराळीच आहे. बालपेशवे एकवीस वर्षांचे झाले तरी कारभाराच्या किल्ल्या नानांनी स्वतःच्याच कमरेस ठेवल्या. मुलाचे रक्षण झाले, शिक्षणही झाले. जबाबदारी मात्र मिळाली नाही.

१७९५ च्या मार्चमध्ये खर्ड्यावर निजामाचा पाडाव झाला. त्याच ऑक्टोबरात सवाई माधवराव वाड्याच्या सज्जावरून कोसळले व २७ तारखेस निवर्तले. पाव शतकाची शिल्लक एका दिवसात बुडाली. दुसरे बाजीराव गादीवर आले; १७९७ च्या अखेरीस शिंद्यांच्या माणसांनी नानांस दग्याने धरले व अहमदनगरच्या किल्ल्यात ठेवले. सुटून ते पुन्हा कारभारात आले, परंतु शरीर थकले होते. १३ मार्च १८०० रोजी पुण्यात त्यांचा अंत झाला. विवाह अनेक झाले. औरस संतती मागे राहिली नाही. फडावर त्यांच्या तोलाचा वारसही तयार नव्हता. दफ्तराची शिस्त ढासळली आणि १८०२ च्या अखेरीस वसईचा तह होऊन स्वातंत्र्यच गहाण पडले.

वाईजवळ मेणवलीस कृष्णाकाठी नानांचा वाडा व घाट आहे. तेथे जपलेल्या त्यांच्या कागदपत्रांतून अभ्यासकांनी पेशवाईचा इतिहास उभा केला. सभासद कुटुंबांनी मुलांबाळांसह एकदा तेथे अवश्य जावे, आणि दोन गोष्टी मनाशी बांधून परतावे. सार्वजनिक पैशाचा हिशेब नानांसारखा चोख लिहावा. आणि नानांना जे साधले नाही तेही करावे, म्हणजे वही वेळीच पुढच्या पिढीच्या हाती द्यावी. आपल्या मंडळाची कीर्द आज आम्हां वृद्धांच्याच हाती आहे, म्हणून हे लिहिण्याचे धाडस केले. वाचकांनी गोड मानून घ्यावे.