दुसरे हरिश्चंद्र : सावेदादा

चित्रपटाचा विषय निघाला की आपण दादासाहेब फाळक्यांपासून सुरुवात करतो, आणि ते योग्यच आहे. पण १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला, त्याच्या चौदा वर्षे आधी एका खऱ्याखुऱ्या हरिश्चंद्राने मुंबईत चित्रफीत उतरवली होती. ते म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. सगळे त्यांना सावेदादा म्हणत.

जन्म १८६८ चा. व्यवसाय छायाचित्रकाराचा. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंची हलती चित्रे प्रथम दाखवली गेली. तिकीट एक रुपया, म्हणजे त्या काळी चैनच! स्टेशनात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून सुटणारे कामगार असे साधे विषय होते. हे खेळ सावेदादांनी पाहिले आणि थेट इंग्लंडहून कॅमेरा मागवला. किंमत एकवीस गिनी.

कॅमेरा हाती आल्यावर त्यांनी काय टिपले, हे मला फार मोलाचे वाटते. देवादिकांची कथा नाही की राजवाडा नाही. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या पैलवानांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. फीत धुण्याची सोय इथे नसल्याने ती विलायतेला पाठवावी लागली. ती परत येईपर्यंत चित्र उमटले की नाही, हे कळायला मार्ग नव्हता. नंतर त्यांनी माकडांना खेळवणारा माणूस टिपला. असा खेळ गल्लीत रोज फुकट दिसे, त्यासाठी महागडी फीत खर्च करणारा माणूस काही वेगळाच म्हणायला हवा. परदेशी फितींच्या जोडीला ते आपल्या फितीही लोकांना दाखवत.

डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर र. पु. परांजपे मायदेशी परतले. चौपाटीवर त्यांचे स्वागत झाले आणि सावेदादा कॅमेरा घेऊन तिथे हजर होते. ही आपल्याकडची पहिली बातमीफीत मानतात. १९०३ च्या दिल्ली दरबाराचेही त्यांनी चित्रण केले.

पुढे १९०७ च्या सुमारास त्यांनी कॅमेरा विकला आणि ते बोरीबंदरजवळच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापक झाले. तेच पुढचे कॅपिटॉल. स्वतः चित्रे घ्यायचे सोडून दुसऱ्यांची दाखवण्यात उरलेली उमेद गेली. १९५८ साली, नव्वदीच्या घरात, ते वारले. तोवर बोलपट येऊन पाव शतक उलटले होते.

त्यांच्या फिती आज पाहायला मिळत नाहीत. त्या काळच्या फिती नायट्रेटच्या, पटकन पेट घेणाऱ्या आणि ठेवल्या जागी कुजणाऱ्या. जुन्या कागदपत्रांना निदान दप्तरखाना तरी असतो, फितींना तोही नव्हता. चौपाटीवर परांजप्यांना पाहायला आलेली ती गर्दी, तिच्यातल्या पगड्या, फेटे, टोप्या, मागचा समुद्र, सगळे गेले. उरल्या त्या नोंदी. त्यांतून पैलवानांची नावे तरी कळतात. माकडवाल्याचे नाव लिहून ठेवावे, असे कोणाला वाटले नाही.