टेडी वेदरफोर्ड

टेडी वेदरफोर्ड (जन्म : ११ ऑक्टोबर, १९०३, मृत्यू : २५ एप्रिल, १९४५) हे आफ्रिकन-अमेरिकन जॅझ पियानोवादक व वाद्यवृंदप्रमुख होते. शिकागो येथे नावारूपाला येत असतानाच त्यांनी अमेरिका सोडली आणि पुढील आयुष्य मुख्यतः शांघाय, मुंबई, कोलकाता आदी आशियाई शहरांत व्यतीत केले. भारतात जॅझ संगीत रुजविणाऱ्या कलावंतांमध्ये त्यांची गणना होते.

प्रारंभिक जीवन

वेदरफोर्ड यांचा जन्म अमेरिकेच्या व्हर्जिनिया राज्यातील पोकाहॉन्टस या गावी झाला. किशोरवयात ते न्यू ऑर्लिन्स येथे राहिले व तेथे पियानोवादन शिकले. त्यानंतर ते शिकागोला गेले. मूकपटांच्या त्या काळात मोठ्या चित्रपटगृहांमध्ये वाद्यवृंद असत. व्हेंडोम चित्रपटगृहातील एर्स्किन टेट यांच्या वाद्यवृंदात वेदरफोर्ड यांनी पियानो वाजविला. १९२६ साली याच वाद्यवृंदाच्या ध्वनिमुद्रणात विख्यात ट्रम्पेटवादक लुई आर्मस्ट्राँग यांच्यासह त्यांचा सहभाग होता.

वादनशैली

वेदरफोर्ड यांचे वादन स्ट्राइड शैलीचे होते. या शैलीत डावा हात मंद्र स्वर व त्यावरील स्वरसमूह आलटून पालटून वाजवीत लय सांभाळतो आणि उजवा हात स्वररचनेचा विस्तार करतो. शिकागोतील त्यांचे समकालीन अर्ल हाइन्स यांच्यावर वेदरफोर्ड यांचा प्रभाव पडल्याचे मानले जाते. हाइन्स पुढे जगप्रसिद्ध झाले. वेदरफोर्ड मात्र १९२६ मध्येच जॅक कार्टर यांच्या वाद्यवृंदाबरोबर आशियाकडे निघाले.

आशियातील कारकीर्द

शांघाय येथे त्यांना मोठी लोकप्रियता लाभली. कवी लँग्स्टन ह्यूज यांची १९३३ मध्ये तेथेच त्यांच्याशी भेट झाली. १९३४ मध्ये ते अल्पकाळ अमेरिकेत परतले आणि ट्रम्पेटवादक बक क्लेटन यांच्या वाद्यवृंदाला शांघायला घेऊन आले. १९३७ साली पॅरिस येथे त्यांच्या एकल पियानोवादनाच्या ध्वनिमुद्रिका तयार झाल्या.

१९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात त्यांनी मुंबईच्या ताजमहाल हॉटेलमध्ये वादन केले. त्या काळी मुंबईच्या हॉटेलांतील अनेक वादक गोमंतकीय होते. गोव्यातील चर्चशी संलग्न शाळांमध्ये पाश्चात्त्य स्वरलेखन शिकविले जात असल्याने लिहिलेले संगीत त्यांना सहज वाचता येई. परंतु जॅझमधील उत्स्फूर्त विस्तार व लयीचा झोल कागदावर उतरत नाही. तो आफ्रिकन-अमेरिकन वादकांच्या सान्निध्यात आत्मसात करता आला. पुढे गोमंतकीय वादकांनी हे संस्कार हिंदी चित्रपटसंगीतात आणले. संगीतकार सी. रामचंद्र यांच्या 'अलबेला' (१९५१) चित्रपटातील ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट यांचा सहभाग हे त्याचे ठळक उदाहरण होय.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात वेदरफोर्ड कोलकात्याच्या ग्रँड हॉटेलमध्ये वाद्यवृंदाचे नेतृत्व करीत होते. ब्रह्मदेशातून आलेले क्लॅरिनेटवादक रूबेन सोलोमन व गिटारवादक सेड्रिक वेस्ट त्यांच्या समवेत होते. येथे कोलंबिया कंपनीने त्यांच्या अनेक ध्वनिमुद्रिका काढल्या.

मृत्यू व वारसा

२५ एप्रिल, १९४५ रोजी कोलकाता येथे पटकीच्या आजाराने त्यांचे निधन झाले. मृत्युसमयी ते ४१ वर्षांचे होते. त्याच सुमारास अमेरिकेत चार्ली पार्कर व डिझी गिलेस्पी यांच्या ध्वनिमुद्रिकांमधून बीबॉप हा नवा प्रवाह पुढे येत होता. जानेवारी १९४७ मध्ये बड पॉवेल यांनी बास व ड्रम यांच्या साथीने, म्हणजे तीन वादकांच्या संचात, पियानोवादन ध्वनिमुद्रित केले. त्यानंतर पियानोवादकाच्या डाव्या हाताकडील लय सांभाळण्याचे काम बहुतांशी साथीदारांकडे गेले आणि वेदरफोर्ड यांची शैली मागे पडली.

प्रमुख ध्वनिमुद्रण केंद्रांपासून दूर राहिल्याने अमेरिकी जॅझच्या इतिहासात वेदरफोर्ड यांना मर्यादित स्थान मिळाले. भारतीय जॅझच्या इतिहासात मात्र त्यांचे कार्य पायाभूत मानले जाते.