शादी अब्दुस्सलाम : पडद्यामागचा मिस्री कलाकार

मिस्र म्हटलं की आपल्या घरांत हजरत मूसा अलैहिस्सलाम आठवतात आणि त्यांच्यासमोर उभा राहिलेला फिरऔन. त्यामुळे फिरऔनांच्या काळाकडे आपण जरा हात राखूनच बघतो. त्याच देशातल्या शादी अब्दुस्सलाम नावाच्या मुसलमान कलाकाराने मात्र तो काळही आपल्या कौमकडे आलेली अमानत मानला.

१९३० साली अलेक्झांड्रियात, म्हणजे इस्कंदरियात त्यांचा जन्म झाला. काही काळ लंडनमध्ये नाट्यकला शिकून ते परतले आणि काहिऱ्याच्या ललित कला महाविद्यालयातून १९५५ साली वास्तुशास्त्राची पदवी घेतली. इमारती बांधायच्या सोडून गडी सिनेमात शिरला. सेट कसा उभा करायचा, कुणाच्या अंगावर काय कपडे असतील, हे ठरवणारा माणूस. अशा माणसाचं नाव पडद्यावर येतं तेव्हा आपण खुर्ची शोधत असतो.

पण त्यांचं काम बघा. मंगोल फौजेला ऐन जालूतला रोखणाऱ्या सुलतान कुतुझवरचा ‘वा इस्लामाह’ १९६१ साली आला, त्यात ते होते. युसूफ शाहीन यांच्या ‘अल नासिर सलाहुद्दीन’मधले पोशाख त्यांचे. हॉलीवूडच्या ‘क्लिओपात्रा’ला आणि पोलंडच्या ‘फॅरो’लाही जुना मिस्र नीट दाखवण्यासाठी त्यांचाच सल्ला लागला. दुसऱ्यांच्या सिनेमात परदेशी डोळ्यांनी दिसणारा आपला देश त्यांनी असा जवळून पाहिला. मग स्वतःच सिनेमा करायचं ठरवलं.

त्यांनी घेतलेली गोष्ट खरी घडलेली. लक्सरजवळच्या कुर्ना गावातलं एक कुटुंब डोंगरातल्या गुप्त थडग्यातल्या वस्तू गुपचूप विकत होतं. १८८१ साली ते फुटलं आणि आत राजांच्या ममी सापडल्या. त्यात दुसरा रामसेसही होता. मूसा अलैहिस्सलाम यांच्या काळातला फिरऔन तोच, असं अनेकजण समजतात. त्या काळी पुरातत्त्व खातं युरोपियन साहेबांच्या हातात होतं, आणि थडगं रिकामं करण्याचं काम जर्मन अधिकारी ब्रुग्श याच्याकडे होतं. सोबत अहमद कमाल हा मिस्री तरुण होता. शादींनी सिनेमात मोहिमेचा म्होरक्या अहमद कमाललाच केलं. इतिहासात हा फेरफारच आहे, पण तो का केला हे कळायला वेळ लागत नाही.

‘अल मूमिया’ १९६९ साली तयार झाला. इटलीचे रोसेलिनी यांना पटकथा आवडली, त्यांनी पाठबळ दिलं. संवाद बोलीभाषेत न ठेवता फुसहा अरबीत ठेवले. बाप गेल्यावर कबिल्याचं गुपित तरुण वनीसच्या कानावर येतं: आजवर घरची चूल मेलेल्यांच्या दागिन्यांवर पेटत होती. बोललं तर घरच्यांशी दगाफटका, गप्प बसलं तर तोच धंदा पुढे चालवायचा. सिनेमा याच कोंडीत फिरतो, आणि कबिल्यातल्या गरिबांना शादी कुठेही खलनायक करत नाहीत. आम्हाला हीच त्यांची सगळ्यात मोठी कामगिरी वाटते. बाहेर सिनेमाचं खूप नाव झालं, देशातल्या थेटरांत यायला मात्र वर्षं गेली.

पुढचा सिनेमा अखेनातनवर होता. अनेक देव सोडून सूर्याच्या एकाच तबकडीची इबादत करायला लावणारा हा राजा. (त्याला आपल्या तौहीदच्या रांगेत बसवायची घाई कुणी करू नये.) शादी पटकथा पुन्हा पुन्हा लिहीत राहिले. पोशाख, दागिने, आसनं, एकेक गोष्ट कागदावर रंगवून ठेवली. वर्षांमागून वर्षं गेली. सिनेमा काही उभा राहिला नाही. ऑक्टोबर १९८६ मध्ये त्यांचा इंतकाल झाला, तेव्हा वय अवघं ५६.

‘अल मूमिया’ची खराब झालेली प्रत २००९ साली इटलीतल्या बोलोन्यात दुरुस्त झाली. अखेनातनसाठी काढलेली चित्रं इस्कंदरियाच्या नव्या ग्रंथालयात, त्यांच्या नावाच्या कायमच्या दालनात बघायला मिळतात.