समुद्रतळापासून हिमखंडापर्यंत : डॉ. सय्यद जहूर कासिम

भारताचे पहिले अंटार्क्टिका पथक ६ डिसेंबर १९८१ रोजी गोव्याहून निघाले, तेव्हा मोहिमेबाबत गुप्तता पाळण्यात आली होती. नॉर्वेकडून भाड्याने घेतलेल्या 'पोलर सर्कल' या जहाजावर २१ सदस्य होते. त्यांचे नेतृत्व डॉ. सय्यद जहूर कासिम यांच्याकडे होते. वयाची ५५ वर्षे त्यांनी याच सागरप्रवासात पूर्ण केली.

डॉ. कासिम यांचा जन्म ३१ डिसेंबर १९२६ रोजी समुद्रापासून दूर, अलाहाबाद येथे झाला. अलीगढ मुस्लिम विद्यापीठात प्राणिशास्त्राचे शिक्षण घेतल्यावर त्यांनी वेल्समधील बँगर येथून डॉक्टरेट मिळवली. त्यांचे स्वतःचे संशोधन मासे आणि कोचीनच्या बॅकवॉटरची जैविक उत्पादकता यांविषयीचे, म्हणजे उथळ पाण्यातले होते. खोल समुद्राचा अध्याय त्यांच्या आयुष्यात पुढे आला.

१९७४ मध्ये ते गोव्यातील दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे संचालक झाले. संस्थेचे 'गवेषणी' हे जहाज मुळात गाळ वाहून नेणारा बार्ज. त्याचे रूपांतर संशोधन नौकेत करण्यात आले होते. २६ जानेवारी १९८१ रोजी याच नौकेने अरबी समुद्राच्या तळावरून बहुधातू गोळे वर काढले. बटाट्याएवढ्या या गोळ्यांत मँगनीज, निकेल, तांबे व कोबाल्ट असते आणि ते लक्षावधी वर्षांत जेमतेम काही मिलिमीटर वाढतात. खोल समुद्रात माणूस नेणारे यान भारताकडे तेव्हा नव्हते. जहाजावरून खाली सोडलेल्या उपकरणांवरच सारी भिस्त होती.

मूठभर गोळ्यांचे महत्त्व शास्त्रीय कुतूहलापुरते नव्हते. आंतरराष्ट्रीय समुद्रतळावर कोणाचा हक्क, याची चर्चा त्या वेळी संयुक्त राष्ट्रांच्या सागरी कायदा परिषदेत सुरू होती. स्वतः शोधकार्य न करणारा देश त्या वाटपात मागे पडला असता. पुढे १७ ऑगस्ट १९८७ रोजी 'अग्रणी गुंतवणूकदार' म्हणून नोंदणी झालेला भारत पहिला देश ठरला आणि मध्य हिंदी महासागरातील दीड लाख चौरस किलोमीटरचे क्षेत्र त्याला मिळाले.

१९८१ मध्येच दिल्लीत महासागर विकास विभाग स्थापन झाला व डॉ. कासिम त्याचे सचिव झाले. अंटार्क्टिकाची मोहीम ही या नव्या विभागाची पहिलीच मोठी परीक्षा होती. ९ जानेवारी १९८२ रोजी पथकाने हिमभूमीवर पाऊल ठेवले आणि २१ फेब्रुवारीला ते गोव्यात परतले. सप्टेंबर १९८३ मध्ये अंटार्क्टिका कराराच्या सल्लागार देशांत भारताचा समावेश झाला. निर्मनुष्य खंडाच्या कारभारात मत मांडण्याचा हा अधिकार होता.

डॉ. कासिम पुढे जामिया मिलिया इस्लामियाचे कुलगुरू व नियोजन आयोगाचे सदस्य झाले. १९८२ मध्ये त्यांना पद्मभूषण प्रदान करण्यात आले. २० ऑक्टोबर २०१५ रोजी वयाच्या ८८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.