प्रबोधनकार: छापखान्यापासून पडद्यापर्यंत

केशव सीताराम ठाकरे यांचा जन्म १७ सप्टेंबर १८८५ रोजी पनवेल येथे झाला. छायाचित्रण, पाट्या रंगविणे, विमा, नाटक कंपनी असे नाना व्यवसाय त्यांनी केले. १९२१ साली ‘प्रबोधन’ काढले आणि त्यापायी पुढे सरकारी नोकरीही सोडली. भिक्षुकशाहीवर आसूड ओढणारे हे पत्र साताऱ्यामार्गे आपल्या पुण्यात आले. येथे सनातन्यांची मजल त्यांच्या दारात मेलेले गाढव टाकण्यापर्यंत गेली. धंदा बसला, मालक मात्र वाकला नाही.

१९२६ साली दादरच्या गणेशोत्सवात अस्पृश्यांच्या पूजेच्या हक्कासाठी ते उभे राहिले, डॉ. बाबासाहेब त्यांच्या बाजूस होते. आम्हां बौद्धांना आज त्या पूजेचे प्रयोजन नाही. पण तेथे प्रश्न मूर्तीचा नव्हता, माणसाच्या स्पर्शाचा होता.

वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी, १९५३ मध्ये, आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’ या चित्रपटात त्यांनी लहानशी भूमिका केली. राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक याच चित्रपटास मिळाले. वसतिगृहात तो दाखविताना मुले श्यामकडे पाहतात. आम्ही त्या वृद्ध मुद्रकाची वाट पाहत बसतो. २० नोव्हेंबर १९७३ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.