व्हेरा मेनचिक : बुद्धिबळाची पहिली जगज्जेती

आपल्या महिला मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी एखाद्या थोर स्त्रीचे चरित्र लिहून द्यावे, असे अध्यक्षबाईंनी मला सांगितले, तेव्हा जिजामाता, अहिल्याबाई, सावित्रीबाई ही नावे सहजच डोळ्यांपुढे उभी राहिली. परंतु ह्या पूजनीय स्त्रियांविषयी आपल्या भगिनींनी मागील अंकांतून भरभरून लिहिले आहे. म्हणून यंदा मी अगदी निराळ्या क्षेत्रातील, दूरदेशीच्या एका स्त्रीची ओळख करून देणार आहे. तिचे नाव व्हेरा मेनचिक. बुद्धिबळाच्या खेळातील ती पहिली महिला जगज्जेती होय.

हिचीच निवड का केली, ते आधी सांगते. माझ्या लहानपणी येथे रोहण्यात आमच्या ओसरीवर, शेतीची कामे सरली की दुपारी बुद्धिबळाचा पट मांडला जाई. काका आणि त्यांचे स्नेही खेळत आणि मी चहाचे कप नेता-आणता दाराशी उभी राहून पाहत असे. पाहून पाहूनच घोड्याची अडीच घरे आणि उंटाची तिरपी चाल मला उमगली. एके दिवशी जोडीदार आला नाही म्हणून काकांनी मलाच समोर बसवले. पुढे काही दिवसांनी मी एका पाहुण्यांवर मात केली. काकांना कौतुक वाटले, पण घरातील वडीलधाऱ्यांना ते रुचले नाही. मोठ्या होत चाललेल्या मुलीने बैठकीत बसू नये, असे ठरले आणि माझा खेळ तेथेच संपला. पुष्कळ वर्षांनी मुलाच्या एका पुस्तकात व्हेराची हकीकत वाचली, तेव्हा ती ओसरी मला आठवली. तेव्हापासून ही बाई मला परकी वाटत नाही.

व्हेराचा जन्म १६ फेब्रुवारी १९०६ रोजी मॉस्को शहरी झाला. वडील चेक, आई इंग्रज. धाकटी बहीण ओल्गा. घरची स्थिती चांगली होती. वडिलांची स्वतःची गिरणी होती. व्हेरा नऊ वर्षांची असताना वडिलांनीच तिला बुद्धिबळ शिकवले. पुढे १९१७ साली रशियात राज्यक्रांती झाली, गिरणी गेली आणि सुखवस्तू घराची वाताहत झाली. १९२१ साली कुटुंबाने रशिया सोडला. वडील आपल्या मायदेशी गेले आणि आई दोन्ही मुलींना घेऊन इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील हेस्टिंग्ज ह्या गावी आपल्या माहेरी आली.

पंधरा वर्षांची ही मुलगी नव्या गावात आली, ती भाषेवाचून मुकी होऊन. इंग्रजी नीट येत नव्हते, मैत्रिणी नव्हत्या. पण बुद्धिबळाला बोलावे लागत नाही. १९२३ साली ती गावच्या बुद्धिबळ मंडळात जाऊ लागली. तेथे पुढे गेझा मारोत्सी ह्या हंगेरीच्या नामवंत खेळाडूचे मार्गदर्शन तिला लाभले. घाई नाही, दिखाऊ हल्ला नाही, मोहरी नीट जागी बसवायची आणि प्रतिपक्षाच्या चुकीची वाट पाहायची, असा तिचा खेळ घडत गेला. १९२६ साली ब्रिटनमधील मुलींचे अजिंक्यपद तिने मिळवले.

१९२७ साली लंडनला स्त्रियांची पहिली जागतिक स्पर्धा भरली. व्हेरा अकरा डाव खेळली. दहा जिंकले, एक बरोबरीत सुटला. एकविसाव्या वर्षी ती जगज्जेती झाली. त्यानंतर हॅम्बुर्ग, प्राग, फोकस्टन, वॉर्सा, स्टॉकहोम आणि १९३९ साली ब्युनोस आयर्स अशा सर्व जागतिक स्पर्धा तिनेच जिंकल्या. ह्या सात स्पर्धांत मिळून ती ८३ डाव खेळली. त्यांपैकी ७८ जिंकले, ४ बरोबरीत राहिले आणि हरली ती फक्त एक डाव. सोनिया ग्राफ ही त्या काळची तिच्या खालोखालची खेळाडू. १९३७ साली तिच्याशी १६ डावांचा सामना झाला, तोही व्हेराने सहज जिंकला.

स्त्रियांत तिला जोडच उरली नव्हती. म्हणून ती पुरुषांच्या स्पर्धांत उतरली, आणि तिची खरी कसोटी तेथे लागली. १९२९ साली कार्ल्सबाडच्या मोठ्या स्पर्धेत जगातील नामांकित खेळाडूंबरोबर तिला स्थान मिळाले. एक बाई आपल्यात बसणार हे काहींना पसंत नव्हते. व्हिएन्नाच्या आल्बर्ट बेकर नावाच्या खेळाडूने थट्टेने सुचवले, की जो कोणी व्हेराकडून हरेल, त्याला व्हेरा मेनचिक क्लबचे सभासद करून घ्यावे. पुढे झाले असे, की त्या क्लबचे पहिले सभासद स्वतः बेकर महाशयच ठरले!

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. त्या स्पर्धेत २२ खेळाडूंमध्ये व्हेरा शेवटची आली. २१ डावांत तिला केवळ ३ गुण मिळाले. १९३५ साली मॉस्कोलाही ती तळाशी राहिली. परंतु हरले म्हणून तिने पट सोडला नाही. १९२९ सालीच रॅम्सगेटच्या स्पर्धेत माजी जगज्जेता कापाब्लांका ह्याच्या मागे केवळ अर्ध्या गुणाने राहून तिने रुबिन्स्टाइनच्या बरोबरीने दुसरे स्थान मिळवले. तिचे गुरू मारोत्सी त्या स्पर्धेत तिच्या मागे होते. शिष्येने गुरूला मागे टाकावे ह्याहून मोठी गुरुदक्षिणा कोणती?

त्या क्लबची सभासदसंख्या पुढे वाढतच गेली. अमेरिकेचा रेशेव्हस्की त्यात आला. पंजाबातून इंग्लंडला जाऊन तीनदा ब्रिटिश अजिंक्यपद मिळवणारे आपल्याकडील सुलतान खानही आले. १९३३ साली त्याच घरातून गेलेल्या फातिमा नावाच्या तरुणीने ब्रिटिश महिला अजिंक्यपद मिळवले होते, हेही आपण भगिनींनी ध्यानात ठेवावे. आणि हॉलंडचे मॅक्स यूवे तर व्हेराकडून दोनदा हरले. हेच यूवे १९३५ साली पुरुषांचे जगज्जेते झाले.

१९३७ साली व्हेराने स्टिव्हन्सन नावाच्या इंग्रज गृहस्थांशी विवाह केला. ते तिच्याहून वयाने पुष्कळ मोठे असून बुद्धिबळाचे जाणते कार्यकर्ते होते. १९३९ साली ती ब्युनोस आयर्सला खेळत असतानाच महायुद्ध पेटले. अनेक खेळाडू तिकडेच राहिले; व्हेरा मात्र आपल्या घरी परतली. १९४३ साली पती वारले. तरी ती खेळत, शिकवत राहिली. जून १९४४ च्या अखेरीस एका रात्री लंडनवर जर्मनीचे उडते बॉम्ब पडत होते. त्यांतील एक क्लॅपहॅम भागातील तिच्या घरावर पडला. व्हेरा, तिची आई आणि बहीण ओल्गा तिघीही त्यात मृत्यू पावल्या. तिला मिळालेली पारितोषिके आणि कागदपत्रेही नाहीशी झाली. तिचे वय अवघे ३८ वर्षांचे होते आणि जगज्जेतेपद शेवटपर्यंत तिच्याकडेच होते. आज बुद्धिबळ ऑलिंपियाडमध्ये विजयी होणाऱ्या महिला संघाला दिला जाणारा करंडक तिच्या नावाचा आहे.

ह्या कथेचा एक धागा आपल्या महाराष्ट्रापर्यंत येतो. १९७६ साली मुंबईची रोहिणी खाडिलकर ही तेरा वर्षांची मुलगी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळली. त्यावरून मोठे वादळ उठले, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. तेव्हा जागतिक बुद्धिबळ संघटनेच्या अध्यक्षांनी निर्णय दिला, की स्त्री म्हणून कोणालाही राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून वगळता येणार नाही. हे अध्यक्ष म्हणजे मॅक्स यूवे! व्हेराकडून दोनदा हरलेल्या माणसाला स्त्रीच्या बुद्धीविषयी वेगळा पुरावा कशाला हवा होता? पुढे १९८१ साली रोहिणीताई आशियाच्या विजेत्या झाल्या. आणि २०२५ सालच्या जुलैत आपल्या शेजारच्या नागपूरच्या दिव्या देशमुखने महिला विश्वचषक जिंकला, तेव्हा आपण सर्वांनी पेढे वाटले, ते आपल्या स्मरणात आहेच.

भगिनींनो, पेढे वाटणे सोपे असते. आपल्या मंडळात गेल्या वर्षापासून दर शनिवारी मुलींसाठी पट मांडला जातो. आरंभी पुष्कळ मुली आल्या. बारा-तेरा वर्षांच्या होताच त्यांतील काहींचे येणे बंद झाले. कोणी दटावले नाही, नुसते घरचे काम वाढले. त्यांतील एका हुशार मुलीला वर्ध्याच्या स्पर्धेला पाठवावे की नाही, ह्याचा निर्णय तिच्या घरी अजून झालेला नाही. ती तेथे जिंकेलच असे मी म्हणत नाही. कदाचित शेवटची येईल. व्हेराही आली होती. परंतु डाव मांडलेला असताना तिला उठवू नये, एवढेच माझे त्या माउलीला हात जोडून सांगणे आहे. सोबतीचा प्रश्न असेल, तर पहाटेच्या एसटीने तिच्याबरोबर मी जाईन.